अमॉय आणि शियामेन हे एकच गाव आहे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

पंधरा दिवसांपूर्वी आपल्या रविवार पुरवणीत एका अनुवादित कादंबरीचं परीक्षण आलं होतं. चीनमधल्या एका घराण्याच्या तीन पिढ्यांची गोष्ट. एक प्रकरण जुन्या काळातलं, पुढचं आजचं, परत जुन्यातलं, अशी तिची बांधणी. परीक्षणाचा सूर असा होता की, हे सारखं मागेपुढे जाणं मराठी वाचकाला दमवतं, पन्नास पानांनंतर कोण कोणाचं कोण हे लक्षात राहत नाही, म्हणून असल्या कादंबऱ्या आपल्याकडे रुजायच्या नाहीत. तीच कादंबरी आमच्या घरात पाच आठवडे रोज वाचली गेली. आम्हीही दमलो. पण कशाने दमलो ते आम्ही शोधून काढलं, आणि त्याचा बोल त्या बांधणीला लावता येत नाही, एवढं सांगण्यासाठी हे पत्र. लांबलं आहे. जागा असेल तेवढं छापावं.

पुस्तकाचं आणि प्रकाशकांचं नाव मी लिहीत नाही. हीच गत मी आणखी तीन-चार अनुवादांत पाहिली आहे, एकालाच पुढे काढून बोल लावणं बरं नव्हे.

मी सावंतवाडीला राहते. एकतीस वर्षं शाळेत मराठी शिकवलं, आता निवृत्त आहे. सासूबाईंना चौऱ्याऐंशीवं चालू आहे. काचबिंदूने त्यांची नजर गेली, तेव्हापासून दुपारचा चहा झाला की मी मोठ्याने वाचते आणि त्या ऐकतात. त्या माजघराच्या उंबऱ्याला पाठ लावून बसतात, हातात काहीतरी निवडायला घेतात, कधी कुळीथ, कधी आमसुलं. दोन काळांची गोष्ट त्यांना जड जाईल असं ज्याला वाटतं, त्याने त्यांचं बोलणं ऐकलेलं नाही. फोंड्यातल्या लहानपणापासून सुरुवात करतात, मध्येच परवाच्या बारशाला येतात, तिथून पणजोबांच्या कुळागरात जातात आणि शेवटी सगळं एका जागी आणून ठेवतात. आमच्या घराण्याच्या सहा पिढ्यांची नाती त्यांना तोंडपाठ आहेत: कोण कुठे दिली, कोणाचा मुलगा दत्तक गेला, कोणाची सोयरीक कोणामुळे मोडली. कीर्तनात बुवा पूर्वरंगातून उत्तररंगात गेले म्हणून आपल्याकडे कुणी उठून जात नाही.

तिसऱ्या प्रकरणापासून मात्र त्या मला अडवायला लागल्या.

जुन्या काळातलं कुटुंब ‘अमॉय’ नावाच्या बंदरात राहतं. बंदरासमोर ‘कुलांगसू’ नावाचं बेट आहे, त्यावर त्यांचं दुमजली घर आहे. आजच्या काळातली नात सिंगापूरहून विमानाने ‘झियामेन’ला उतरते आणि होडीने ‘गुलांग्यू’ बेटावर जाते. ‘‘मग ही अमॉयला कधी जाणार?’’ सासूबाईंनी विचारलं. मी म्हटलं, ‘‘जाईल पुढे.’’ मलाही तसंच वाटत होतं. एकशे नव्वदाव्या पानापर्यंत आम्ही दोघी तिच्या अमॉयला जाण्याची वाट पाहत होतो. ती तिथेच उभी होती. आजीच्या घरासमोर उभी होती. कादंबरीतला सगळ्यात मोठा क्षण आमच्या हातून निसटून गेला, कारण दोन काळांतलं एकच गाव मराठीत दोन गावं झालं होतं.

उलगडा सासूबाईंनीच केला. एके दिवशी त्यांनी विचारलं, ‘‘हे झियामेन इंग्रजीत कोणत्या अक्षराने सुरू होतं?’’ नातवाने फोनवर बघून सांगितलं, एक्स. त्या हसल्याच. ‘‘अगो, एक्स म्हणजे श! पुर्तुगेज शाळेत त्या अक्षराचं नावच शीश म्हणून शिकवलं होतं आम्हाला. माझ्या दाखल्यावर शांता कशाने सुरू होते बघ.’’ ट्रंकेतून दाखला काढला. खरंच, शांता एक्सने सुरू होते. केपे तालुक्यातलं शेल्डे गाव आजही इंग्रजी पाटीवर एक्सनेच लिहितात. ज्या अक्षराला आमचा अनुवादक अडला, ते गोव्यातली सात वर्षांची मुलगी बरोबर वाचत होती.

मग मी माझ्या एका जुन्या विद्यार्थिनीला फोन लावला. ती दिल्लीला जेएनयूत चिनी शिकली आहे. तिने अर्धा तास समजावलं, मी वही घेऊन बसले होते. चीनने 1958 साली उच्चार रोमन अक्षरांत लिहिण्याची एक अधिकृत पद्धत स्वीकारली, तिला पिनयिन म्हणतात. त्यातली अक्षरं इंग्रजीची दिसतात पण चालतात स्वतःच्या नियमाने. एक्स म्हणजे तालव्य श. क्यू म्हणजे छ. ‘झियामेन’ असा उच्चार कोणी चिनी माणूस करत नाही. शियामेन, किंवा त्याहून जवळचं, श्यामन. आणि अमॉय हे त्याच गावाचं तिथल्या होक्कियन बोलीतलं नाव, ‘ए-मङ्’च्या आसपासचं, युरोपीय व्यापाऱ्यांनी कानाला आलं तसं लिहिलेलं. 1842 च्या नानकिंग तहाने इंग्रजांनी जी पाच बंदरं उघडून घेतली त्यात ते होतं, म्हणून जगभरच्या नकाशांत तेच नाव बसलं. कुलांगसू आणि गुलांग्यू यांचंही तसंच, बेट एकच. जेमतेम दोन चौरस किलोमीटरचं. 2017 पासून ते जागतिक वारसा यादीत आहे.

याच फोनवर एक गोष्ट कळली ती सासूबाईंना फार आवडली. अमॉयच्या बोलीत चहाला ‘ते’ म्हणतात, तिथून डच व्यापाऱ्यांमार्फत इंग्रजांकडे ‘टी’ गेला. पोर्तुगीजांचा तळ मकावला, तिथल्या बोलीत तो ‘छा’, म्हणून पोर्तुगीज लोक आजही ‘शा’ म्हणतात. ‘‘आमच्याकडे पाद्री आला की बाबा ‘शा’ विचारायचे,’’ सासूबाई म्हणाल्या.

गावाचं झालं, मग माणसांचं. जुन्या काळातलं कुटुंब ‘टॅन’ आहे. नात शियामेनला जाऊन ज्या नातेवाइकांना भेटते ते ‘चेन’ आहेत. आम्हाला वाटलं हे घर विकत घेणारे परके लोक, त्यामुळे त्यांच्याशी ती इतकी हळवी का बोलते ते कळेना. चिनी लिहिताना ते आडनाव एकच आहे, एकच अक्षर. होक्कियन बोलणारे ते टॅन वाचतात, उत्तरेकडची प्रमाण भाषा बोलणारे चेन, कँटोन भागातले कँटोनी लोक चॅन. तसंच लिन आणि लिम. मूळ इंग्रजी कादंबरीत हे बहुधा मुद्दाम ठेवलेलं असणार, कारण तीच तर त्या घराण्याची कहाणी आहे: अर्धं घर समुद्रापार गेलं आणि आडनावाचा उच्चार घेऊन गेलं, अर्धं मागे राहिलं आणि त्याचा उच्चार बदलला. मराठी वाचकाला हे सांगायला एक वाक्य पुरलं असतं.

आजीच्या बाबतीत तर फारच घोटाळा झाला. ती लग्न होऊन टॅनांच्या घरात येते. अनुवादात तिला सगळीकडे ‘मिसेस टॅन’ म्हटलं आहे. पण तिच्या पत्रांखाली सही ‘लिम’ अशी आहे. चिनी बाईचं आडनाव लग्नाने बदलत नाही. जुन्या कागदांत फार तर सासरचं आडनाव आधी आणि माहेरचं मागून लावतात. अनुवादकाने हे कुठे सांगितलंच नाही, त्यामुळे सासूबाई दोन दिवस या लिमबाईवर डोळा ठेवून होत्या. आजोबांच्या आयुष्यात ही दुसरी कोण, असा त्यांचा प्रश्न होता. पत्रं वाचताना दया यायला हवी होती तिथे संशय आला. सासूबाईंचं स्वतःचं नाव लग्नात बदललं. माहेरची शांता सासरी दुसऱ्या नावाची झाली, दाखल्यावर एक आणि रेशनकार्डावर एक. एका बाईची दोन नावं असतात हे आपल्या घरोघरी माहीत आहे. वाचकाला फक्त एवढं कळायला हवं की, त्यांच्याकडे रीत उलटी आहे.

आता काकांची गोष्ट सांगते. टॅन घराण्यातला कर्ता मरतो. दीर म्हणतात, विधवेने बेटावरचं घर सोडावं. तेव्हा होडीने एक माणूस येतो, ओसरीवर बसतो, समोर ठेवलेल्या चहाला हात लावत नाही आणि वाटणीचा कागद विधवेच्या मुलांच्या नावे लिहून होईपर्यंत उठत नाही. संध्याकाळ होते, दिवा लावतात, तरी तो तिथेच. मुलं दाराआडून बघत असतात. फार चांगलं लिहिलेलं प्रकरण आहे, निवत गेलेल्या चहापर्यंत. अनुवादात हा माणूस ‘काका’.

‘‘थांब,’’ सासूबाई म्हणाल्या. ‘‘काका? काका तर पलीकडच्या बाजूला बसलेत. हा मामा असणार.’’

मी म्हटलं, पुस्तकात काका लिहिलंय. ‘‘लिहू दे. बहिणीच्या पोरांसाठी मामाच असा बसतो.’’ साठ पानांनंतर ओघात येतं की तो तिचा पाठचा भाऊ होता. चीनमध्ये घर वाटताना मामाला साक्षीला बोलवायची जुनी पद्धत आहे, हे मला नंतर विद्यार्थिनीने सांगितलं. सासूबाईंना ते कुणी सांगावं लागलं नाही.

संपादक महोदय, इथे मला खरोखर वाईट वाटतं. चिनीत बापाच्या थोरल्या भावाला एक शब्द, धाकट्याला दुसरा, आईच्या भावाला तिसरा. आत्या वेगळी, मावशी वेगळी, त्यांचे नवरे वेगळे. चुलत भावंडांना एक शब्द, आणि मामे, आते, मावस या तिघांना मिळून दुसरा. आईच्या आईला शब्दशः ‘बाहेरची आजी’ म्हणतात. अमॉयच्या बोलीत उच्चार निराळे असतील, पण नात्यांची वाटणी हीच. इंग्रजीत यातलं काहीच नाही, अंकल, आंट आणि कझिन यांत सगळं बसवायचं. इंग्रज लेखकाला दुसरा मार्ग नसतो. पण आपल्याकडे तर काका, मामा, आत्या, मावशी, मामेभाऊ, आतेबहीण असे सगळे शब्द जागेवर तयार आहेत. इंग्रजीत जे गळलं ते मराठीत परत आणता येतं. सगळ्याच भाषांना ते जमत नाही, आणि आपण ‘अंकल’चं ‘काका’ करून मोकळे होतो. अनुवादकाने एवढंच करायचं: अंकल शब्द आला की, तो कोणाचा भाऊ हे आधी शोधायचं, कादंबरीत पुढे-मागे ते बहुतेक वेळा असतंच. नसेल तर लेखकाला पत्र लिहून विचारायचं.

वर्षांचं आणखी एक सांगते, मग पत्रांकडे येते. आजीच्या एका पत्रावर ‘साल 27, पाचवा महिना’ अशी तारीख आहे. अनुवादात ती ‘मे 1927’ छापली आहे. त्या पत्रात जपानी सैनिक अमॉयमध्ये आलेत, लोक जीव घेऊन बेटावर पळालेत, एकेका खोलीत चार-चार कुटुंबं राहताहेत, असं आहे. 1927 साली जपानी सैन्य तिथे कुठून येणार? चीनमध्ये तेव्हा वर्षं प्रजासत्ताकापासून मोजत. 1912 हे पहिलं वर्ष. सत्तावीस म्हणजे 1938. जपान्यांनी अमॉय घेतलं ते 1938 च्या मे महिन्यात. बेटावर परदेश्यांची वसाहत असल्याने ते 1941 च्या डिसेंबरपर्यंत त्यांच्या हातात गेलं नव्हतं, म्हणून लोक तिकडे पळाले. आणि पाचवा महिना म्हणजे मेच असं नाही. घरच्या पत्रांत बहुधा जुनेच महिने असत, आपल्यासारखे चंद्राचे, अधून मधून अधिक महिना धरणारे. त्यांचा पाचवा महिना साधारण आपला ज्येष्ठ. पत्र बहुधा जूनमधलं आहे. शके 1860 हे इसवी सन 1860 नव्हे, हे मराठी वाचकाला कोणी सांगावं लागत नाही. कालगणना दुसरी असते हे त्याला पाळण्यातल्या पत्रिकेपासून माहीत असतं. एक तळटीप टाकली असती तर सासूबाईंनी उलट दोन गोष्टी जास्त सांगितल्या असत्या. नंतर सांगितल्याही. त्यांची आठव्या महिन्याची पौर्णिमा बहुतेक वर्षी आपली भाद्रपदी पौर्णिमा असते हे कळल्यावर त्या म्हणाल्या, ‘‘म्हणजे त्या चंद्राखाली ती नवऱ्याची वाट बघत होती, आणि दुसऱ्या दिवशी आपला पितृपंधरवडा.’’ अनुवादात त्या रात्रीला ‘मिड-ऑटम फेस्टिव्हल’ म्हटलं आहे.

पत्रांमुळेच आम्ही पुस्तक मिटलं नाही. त्या किनाऱ्यावरचे पुरुष पिढ्यान्‌पिढ्या सिंगापूर, मलाया, जावा, मनिला इकडे कामाला जात. पैसे आणि पत्र एकाच पाकिटातून घरी यायचं, पाकिटावर रक्कम लिहिलेली असायची, आणणारा माणूस पैसे मोजून द्यायचा आणि पोच म्हणून घरच्यांकडून दोन ओळींची चिठ्ठी परत न्यायचा. बऱ्याच बायकांना लिहिता येत नसे, त्या लिहिणाऱ्याला पैसे देऊन लिहून घेत. चिनीत या पत्रांना ‘छ्याओफी’ म्हणतात. ती हजारोंनी जपली गेली आहेत आणि 2013 साली युनेस्कोने त्यांची जागतिक स्मृतींच्या नोंदीत दखल घेतली आहे.

हे वाचताना सासूबाईंच्या हातातलं सूप थांबलं. माझे सासरे गिरणगावात होते. दर महिन्याच्या दहा-बारा तारखेला मनीऑर्डर यायची आणि फॉर्मच्या खालच्या कूपनावर मजकुराला जेवढी जागा असायची तेवढ्यात ते लिहायचे. पोस्टमन ओटीवर बसून आधी पैसे मोजायचा, मग कूपन वाचून दाखवायचा, कारण आजेसासूबाईंना वाचता येत नसे आणि सुनेने सगळ्यांदेखत वाचणं बरं दिसत नसे. ‘‘त्या चार ओळींत माझ्यासाठी एकही शब्द नसायचा,’’ त्या म्हणाल्या. ‘‘पण शेवटी ‘गाईला जपा’ असायचं. गाय माझ्याकडे होती.’’ कादंबरीतही आजोबांच्या प्रत्येक पत्राच्या शेवटी ‘लिंबाच्या झाडाला पाणी घाला’ असं असतं. ते झाड आजीने लावलेलं. तिचं नाव पत्रात घेता येत नाही म्हणून झाडाचं घेतलेलं. हे आम्हाला लेखकाने सांगितलं नाही, परीक्षणातही नाही. ते सासूबाईंनी मला सांगितलं. 15 फेब्रुवारी 1942 ला सिंगापूर पडलं, त्याच्या आधीच त्या किनाऱ्यावरची टपाल-पैशांची वाट बंद होत आली होती. पुढे लढाई संपेपर्यंत पाकिटं नाहीत, पैसे नाहीत. जी गावंच्या गावं त्या पाकिटांवर जगत होती त्यांचं काय झालं असेल, ते कोकणातल्या माणसाला उलगडून सांगायला नको. त्या प्रकरणानंतर आम्ही दोन दिवस वाचलं नाही.

असा वाचक घरोघरी बसलेला असताना, ही कादंबरी त्याला पेलणार नाही असं आपल्या पुरवणीत छापून यावं, याचं दुःख झालं.

नावांचा हा प्रश्न कादंबऱ्यांपुरता नाही. 1938 याच वर्षी आपल्या सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस चीनमध्ये गेले. पाच डॉक्टरांच्या त्या पथकात नागपूरचे डॉ. चोळकरही होते. 9 डिसेंबर 1942 ला, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी कोटणीस तिथेच वारले. चिनी लोकांनी त्यांना ‘ख तीह्वा’ असं आपल्या तोंडात बसणारं नाव दिलं आणि आजही त्या नावाने त्यांना ओळखतात. त्यांच्या पत्नीचं नाव मात्र मराठीत मी ‘क्विंगलान’ असं वाचलेलं आठवतं. ते छिंगलान आहे, क्वो छिंगलान. क्यू म्हणजे छ. ज्या बाईच्या मुलाच्या नावात भारत आणि चीन ही दोन्ही अक्षरं गुंफलेली आहेत, यिन म्हणजे भारत, ह्वा म्हणजे चीन, तिचं नाव आपण नीट लिहायला हवं. आणि आपल्याच अंकात एका दिवशी ‘झिंजियांग’ आणि दुसऱ्या दिवशी ‘शिनजियांग’ छापून येतं, पण चीनच्या राष्ट्राध्यक्षांचं ‘शी’ मात्र कधी चुकत नाही. ते शी ज्या अक्षराने सुरू होतात, त्याच अक्षराने शिनजियांग होतं.

मी सगळं बदला म्हणत नाही. बीजिंग, शांघाय, माओ ही नावं मराठीत मुरली आहेत, ती राहू देत. विद्यार्थिनी म्हणते की, काटेकोर लिहायचं तर बीजिंगचंही ‘पेइचिंग’ होईल, कारण चिनीत ब-प असा भेद नसून आपल्यासारखा प-फ, त-थ, क-ख असा भेद आहे. तो इंग्रजीला कानाने कळतच नाही आणि मराठीला लहानपणापासून येतो. शिवाय ‘चूल’मधला च आणि ‘चहा’मधला च हे दोन्ही तिकडे आहेत. इतकी जवळची लिपी हाताशी असून आपण दूरच्या वाटेने का जातो, हे मला समजत नाही. कादंबरीतल्या माणसांना तर मुरलेली नावं नसतातच, ती पहिल्यांदा मराठीत येत असतात. तिथे चूक केली की ती कायमची.

प्रकाशकांना माझी विनंती साधी आहे. अनुवाद छापायला जाण्याआधी चिनी जाणणाऱ्या कुणाकडून फक्त नावं तपासून घ्यावीत. एका दुपारचं काम आहे. पुस्तकाच्या सुरुवातीला दोन पानं द्यावीत: एकावर वंशावळ, मराठी नात्यांसकट, दुसऱ्यावर गावांची जुनी-नवी नावं. ‘अमॉय, आताचं शियामेन’ एवढं छापायला शाई किती लागते? आणि आपल्या पुरवणीच्या परीक्षकांना विनंती की, अनुवाद कळला नाही तर मराठी वाचकाची पचनशक्ती मोजण्याआधी अनुवाद मोजावा.

आम्ही दोघींनी जुन्या कॅलेंडरच्या पाठकोऱ्या पानावर असा तक्ता केला आहे. सासूबाई सांगत गेल्या, मी लिहीत गेले. तो भिंतीला लावल्यावर राहिलेली अडीचशे पानं कुठेही न अडता पार पडली, आणि पहिली एकशे नव्वद आम्ही पुन्हा वाचली. नात बेटावरच्या घरासमोर उभी राहते ते प्रकरण दुसऱ्यांदा वाचलं तेव्हा सासूबाईंनी ते परत एकदा वाचायला सांगितलं. तक्त्याची प्रत पत्रासोबत जोडली आहे. प्रकाशकांनी विचारलं तर आनंदाने द्यावी, दुसऱ्या आवृत्तीत घालायला आमची काही हरकत नाही.

एक जागा मात्र तक्त्यात मोकळी आहे. थोरल्या सुनेचं माहेरचं आडनाव अनुवादात ‘एनजी’ असं छापलं आहे, जसं काही ते एखाद्या कंपनीचं नाव. इंग्रजीत ते एन आणि जी अशी दोनच अक्षरं आहेत, मध्ये स्वर नाही, आणि उच्चार नुसता ‘ङ्’ असा आहे. क ख ग घ ङ घोकून घेताना मुलं विचारायची, ‘‘बाई, ङ चा शब्द कुठला?’’ मी ‘वाङ्मय’ सांगायचे. आता एका माणसाचं आडनावही सांगता येईल. पण विद्यार्थिनी म्हणते की होक्कियन लोकांत हे आडनाव म्हणजे प्रमाण चिनीतलं ‘हुआंग’, आणि कँटोनी लोकांत ‘वू’. सुनेचं माहेर कुठलं ते कादंबरीत कुठेही आलेलं नाही. तिच्या लग्नात बेटावर तीन दिवस पाऊस पडत होता आणि तिचे लोक मोठ्या होडीने आले होते, एवढंच आहे. सासूबाईंचं म्हणणं, मोठी होडी म्हणजे लांबून आले, म्हणून वू. मला हुआंग वाटतं. कुणा जाणकार वाचकाने मूळ पुस्तक पाहिलं असेल तर आपल्यामार्फत कळवावं.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका
सावंतवाडी